नागोराव मास्तरांचा गोळा

परवा शाळेतून दोन जण आले. कडक इस्त्रीचे कपडे, हातात पत्रिकांचा गठ्ठा. पत्रिकेवर ठळक अक्षरांत छापलेलं: 'बॉम्बवाले क्रांतिवीर नागोराव मास्तर यांच्या तसबिरीचे अनावरण.' मला म्हणाले, "गुरुजी, तुमी त्यांच्यासंगं नोकरी केलेली. दोन शब्द बोला." मी पत्रिका वाचली आणि परत त्यांच्या हातात कोंबली. म्हटलं, "नागोरावांनी जन्मात बॉम्ब पाहिला न्हाई. चालते व्हा."

ते बिचारे गोंधळले. त्यांचा काय दोष म्हणा! त्यांना जे सांगितलं ते त्यांनी छापलं. पण ते गेल्यापासून माझं डोकं ठिकाणावर नाही. बॉम्बवाले म्हणे! अरे, त्या माणसाने आयुष्यभर एकच गोष्ट हातात धरली, ती म्हणजे कातडी चेंडू. तो चेंडू होता हे सांगता सांगता त्याचा हात मोडला, मैदान गेलं, गाव सुटलं. आणि तुम्ही त्याच्या तसबिरीखाली बॉम्ब लिहिता? म्हणून हे लिहायला बसलो. मी सांगितलं नाही तर आता सांगणारं कुणी उरलेलं नाही.

आमचं गाव परभणीकडे, हट्ट्यापासून बैलगाडीनं दीड-दोन तासांवर. निजामाचं राज्य होतं. शाळेत मी मराठी शिकवायचो आणि नागोराव ड्रिल मास्तर होते. माणूस इतका उंच की वर्गाच्या दारातून आत येताना आधी मान यायची, मग मास्तर. पोरं पाठीमागे त्यांना उंट म्हणायची. ते त्यांना माहीत होतं. एखाद्या पोराच्या तोंडून चुकून निघालंच तर म्हणायचे, "उंट तर उंट. पण चार पायांचा न्हाई, दोन पायांचा. तिसरा पाय टाकला की चोरी!" पोरांना वाटायचं मास्तर काहीतरीच बोलतात. तो त्यांच्या खेळाचा नियम होता, चेंडू हातात असताना दोनपेक्षा जास्त पावलं टाकायची नाहीत.

हा खेळ म्हणजे बास्केटबॉल. नागोराव हैदराबादला कॉलेजात तीन वर्षं तो खेळले, शेवटच्या वर्षी तर कप्तान होते. आमच्या भागातला कुणबी, बापाच्या मळ्यात मोट हाकलेला, आणि तिकडे जहागीरदारांच्या पोरांना हुकूम सोडायचा! मद्रासला सामने होते, त्यासाठी संघ निवडला गेला, त्यात यांचं नाव होतं. आदल्या दिवशी ते खोडलं आणि कुणा बड्या जहागीरदाराचा भाचा घातला. ही हकीकत त्यांनी मला एकदाच सांगितली, तीही एका दमात. "त्याची पेटी जड व्हती. हमाल मिळंना. मीच गाडीत चढवून देली, आन् दुसऱ्या गाडीनं घरी आलो." मी म्हटलं, "अहो, पेटी काहून चढवली? फेकून द्यायची!" तर म्हणाले, "पेटीचा काय गुन्हा?"

असे ते. मला असल्या माणसांचा राग येतो. तेव्हाही यायचा.

हैदराबादहून येताना त्यांनी कॅनव्हासचे बूट आणले होते. ते पायात घालून ते कधी रस्त्याने चालले नाहीत. घरून अनवाणी यायचे, बूट हातात. मैदानाच्या कडेला पाय पुसायचे, बूट चढवायचे, खेळ झाला की काढून परत हातात. गाव हसायचं. उन्हाळ्यात फुफाट्यात पाय भाजायचे, पण बुटाचा तळ झिजू द्यायचा नाही. दहा वर्षं तोच जोड पुरवला. करीमभाईंनी त्याला इतक्या वेळा टाके घातले की मूळचं कापड कुठलं ते ओळखू येत नव्हतं.

करीमभाई म्हणजे आमच्या गावचे कातडी काम करणारे. खोगीर, जोडे, विहिरीवरच्या मोटा, सगळं शिवायचे. नागोरावांचं त्यांच्याशी मेतकूट जमलं ते मोटेच्या कड्यावरून.

झालं असं की शाळेत खेळ सुरू करायचा तर खांबावर लावायला लोखंडी कडं पाहिजे. सदर मुदर्रिसांनी, म्हणजे आमच्या हेडमास्तरांनी, हात वर केले. तेव्हा नागोरावांनी काय करावं? घरच्या मोटेच्या तोंडाचं कडं काढून आणलं. सकाळी त्यांच्या म्हाताऱ्या बापाने बैल जुंपले, पाहतो तर मोट गोणपाटासारखी खाली लोंबलेली. म्हातारा आसूड घेऊन थेट शाळेत. सगळी शाळा बाहेर. "कुठं हाय त्यो उंट? माझ्या मोटंचं तोंड उचकटून आणलं त्यानं!" तोवर कडं खांबावर ठोकलेलं. नागोराव दहा पावलं मागे सरकले. लांबून चेंडू टाकला. तो वरून कड्यात गेला आणि खालून जमिनीवर आला. म्हाताऱ्याने आसूड खाली केला. दुसऱ्यांदा टाकायला लावला. तिसऱ्यांदा. मग म्हणाला, "वरून टाकायचं आन् खालून सांडायचं? हे कसलं रं येड्या, ह्या मोटंत पाणी कसं ऱ्हाईल?" आणि कडं तिथंच ठेवून निघून गेला. करीमभाईंनी त्याला दुसरं कडं बसवून दिलं, आणि एका जुन्या मोटेचं कडं काढून समोरच्या खांबालाही दिलं. तेव्हापासून गावात त्या खेळाचं नाव पडलं फाटकी मोट.

आमच्या पोरांना हुतूतू ठाऊक. समोरचा दिसला की मिठी मारायची, पाय धरायचा, पाडायचा. नागोराव शिट्टी फुंकून फुंकून बेजार व्हायचे. "अंगाला न्हाई, गोळ्याला! अंगाला हात लावायचा न्हाई!" चेंडूला सगळी शाळा गोळाच म्हणायची, कारण तो जड होता आणि पोटात बसला की दम कोंडायचा. चेंडू म्हणजे चिंध्यांचा, लेकरांचा. हा गोळा. आणि एक नियम मास्तरांनी कसोशीने पाळायला लावला. कुणाला धक्का लागला तर ज्याचा लागला त्याने आपण होऊन हात वर करायचा. शिट्टी वाजण्याआधी. पोरं आधी टंगळमंगळ करायची. मग अशी सवय लागली की वर्गात माझ्या तासाला कुणाची दौत सांडली तरी एक हात वर जायचा.

मैदान शाळेला लागूनच होतं. गावचे मोठे जमीनदार आबासाहेब, त्यांच्या वडिलांनी ते शाळेला तोंडी दिलेलं. कागद नव्हता. नागोरावांनी शेतातली फळी आणून, स्वतः बैलामागे चालून ते सपाट केलं, पाणी मारलं, खडे वेचले. एक सुट्टी अशी गेली नाही की मास्तर वाकून खडे वेचताना दिसले नाहीत. आबासाहेब रोज पाहायचे. जमीन सपाट झाली तशी त्यांच्या डोळ्यांत भरली. कापसाच्या गाड्या लावायला झकास जागा!

त्यातच पोरांचा विषय निघाला. नागोरावांच्या पाचांच्या संघात दोन पोरं गावकुसाबाहेरची होती, आणि एक आबासाहेबांचा पुतण्या. आबासाहेब मैदानावर आले. म्हणाले, "मास्तर, एकच गोळा सगळ्यांच्या हातात फिरून राहिला. आमच्या घरचं पोरगं त्याच हातानं जेवतं."

नागोराव म्हणाले, "मग त्याला हात धुवायला शिकवा, आबासाहेब. समद्यांनीच धुवावेत."

मी शेजारी उभा होतो. आबासाहेब हसले, पण ते हसू मला आवडलं नाही. पुतण्या दुसऱ्या दिवशी आला नाही. तिसऱ्या दिवशी चोरून आला.

आता एका पोस्टकार्डाचं सांगतो. सांगायला नको वाटतं, पण सांगतो.

अठ्ठेचाळीस सालचा उन्हाळा होता. सगळीकडे धुमश्चक्री. कोण कुणाचा खबऱ्या ते कळायचं नाही, लोक बोलताना मागे पाहायचे. आणि आमच्या मास्तरांना कशाची चिंता? तर गोळा फुटला याची. पुण्याहून मागवलेला नवा गोळा पहिल्याच दिवशी उसवला आणि आतला फुगा फुटला. करीमभाईंनी शिवून पाहिला, जमेना. नागोराव माझ्याकडे आले. "गुरुजी, तुमचं अक्षर चांगलं हाय. पुण्याच्या दुकानाला कार्ड लिहा. दोन बास्केटबॉल पाठवा म्हणावं."

मी मराठीचा मास्तर! मला भलती घमेंड. म्हटलं, "इंग्रजी शब्द कशाला? आपल्या भाषेत लिहू की." आणि माझ्या मोत्यासारख्या अक्षरात लिहिलं, अजून शब्द न् शब्द तोंडपाठ आहे: 'गोळे नग दोन, आतले फुगे चार, सुतळीच्या जाळ्या दोन त्वरित पाठवणे. मागील गोळा पहिल्याच दिवशी फुटला, त्यामुळे फार हानी झाली. या खेपेस माल जबर असावा.' खाली नागोरावांनी सही केली. कार्ड मीच पेटीत टाकलं.

हसू नका. आज वाचताना हसू येतं हे मलाही कळतं. पण त्या उन्हाळ्यात, निजामाच्या मुलखातून पुण्याला जाणारं कार्ड, आणि त्यात गोळे! उर्दूत गोला म्हणजे तोफेचा. कार्ड पोलिसांच्या हाती लागलं, मुन्शीने त्याचा उर्दूत तर्जुमा केला, आणि चौथ्या दिवशी अमीनसाहेब, म्हणजे पोलिसांचा अधिकारी, शिपाई घेऊन शाळेत हजर. आबासाहेब त्यांच्यासोबत होते. वाट दाखवायला, म्हणे. शाळेची वाट! अमीनला शाळा काय सापडत नव्हती?

नागोरावांना मैदानावरून धरून आणलं. हातात बूट. अमीनने कार्ड टेबलावर ठेवलं. "ये गोले कायके हैं?"

"खेलने के, साहेब. बास्केटबॉल."

"फिर बास्केटबॉल कायको नहीं लिखे?"

नागोरावांनी हातातले बूट टेबलावर ठेवले. माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. खोलीत आम्ही पाच मास्तर आणि सदर मुदर्रिस. माझं अक्षर त्या सगळ्यांना ठाऊक, रोजची हजेरी मी लिहायचो. अमीनने एकेकाच्या नाकासमोर कार्ड धरलं. "ये किसकी लिखावट है?" सदर मुदर्रिस म्हणाले, चष्मा घरी राहिला. एक म्हणाला, मला मराठी येत नाही. माझ्यापाशी कार्ड आलं.

मी म्हटलं, "नीचे दस्तखत तो इनकीच है."

खोटं बोललो नाही. सही त्यांचीच होती. हे वाक्य मी किती वर्षं चघळलंय! खोटं नाही बोललो, खोटं नाही बोललो. थू!

अमीन नागोरावांकडे वळला. "तू लिखा?" नागोराव म्हणाले, "जी. मैंच लिखा." त्यांना घेऊन गेले. बूट टेबलावरच राहिले.

गावातून कुणी हललं नाही. हलले ते एकटे करीमभाई. उसवलेला गोळा काखेत मारून ते चालत ठाण्यावर गेले. अमीनसमोर तो उलटा करून दाखवला. "देखो साब, ये चमडा, ये मेरे हात का टाका. इसके अंदर हवा भरते. बारूद नहीं, हवा." अमीनने त्यांनाच दोन ठेवून दिल्या आणि हाकललं. करीमभाई परत आले ते माझ्या दारात उभे राहिले. "गुर्जी, कार्ड तुमी लिखे ना? तुमी चलो मेरे साथ. दोनो मिलके बोलेंगे, बराबर सुनेगा वो." मी म्हटलं, घरात बायको बाळंत आहे. ती होतीच बाळंत. तेही खोटं नव्हतं. करीमभाईंनी मान हलवली आणि गेले.

चार महिने नागोराव परभणीच्या तुरुंगात होते. बॉम्ब कुठे आहेत ते सांगत नाही म्हणून उजवं मनगट मोडलं. कुठून सांगणार? ज्या माणसाने पोरांना दुसऱ्याच्या अंगाला हात लावू दिला नाही, त्याच्या अंगावर ती माणसं चार महिने नाचली.

सप्टेंबरात हिंदुस्थानची फौज आली, निजामाचं राज्य गेलं, तुरुंग उघडले. नागोराव गावात आले तर वेशीवर हलग्या! हार घेऊन पुढे कोण? आबासाहेब. डोक्यावर गांधी टोपी, तिची घडीसुद्धा मोडलेली नव्हती. "बॉम्बवाले नागोराव मास्तर की जय!" मास्तर गर्दीत कुणाला तरी शोधत होते. मला म्हणाले, "करीमभाई कुठं हायेत?"

मी त्यांच्या दुकानाकडे बोट केलं. त्या पंधरवड्यात गावात जे झालं त्याचीही लाज वाटते. ज्यांनी कुणाचं काही वाकडं केलं नव्हतं अशा मुसलमान शेजाऱ्यांचीही दुकानं फुटली. करीमभाई बायकापोरांना घेऊन जीव मुठीत धरून गेले ते गेलेच. गावात एकच माणूस मर्द निघाला होता, त्यालाच गावाने घालवलं. नागोरावांनी गळ्यातला हार काढला आणि करीमभाईंच्या बंद दुकानाच्या फळीला अडकवला. आबासाहेबांचा चेहरा पाहण्यासारखा झाला.

पण आबासाहेब कच्च्या गुरूचे चेले नव्हते. नव्या राज्यात त्यांना स्वतःची जागा करायची होती. आपण या क्रांतिवीराला पोसलं, असं त्यांना सांगायचं होतं. त्यांनी निरोप धाडला. दसऱ्याला सभा आहे. मास्तरांनी फक्त खुर्चीवर बसायचं, सत्कार घ्यायचा. बदल्यात मैदान शाळेच्या नावानं पक्क्या कागदावर लिहून मिळेल. कागद तयार ठेवला होता. नाही म्हटलं तर दुसऱ्याच दिवशी तिथे कापसाच्या गाड्या.

नागोराव माझ्याकडे आले. "काय करू, गुरुजी?"

मी म्हटलं, "गप बसा. दोन घटका गप बसायला काय जातं? मैदान कायमचं मिळून राहिलं की. तुमच्या तोंडून थोडंच खोटं निघणार हाय?"

त्यांनी मोडलेलं मनगट डाव्या हाताने चोळलं. मग म्हणाले, "गप बसून खोटं बोलता येतं, गुरुजी." आणि उठून गेले. हे त्यांनी सहज म्हटलं की मला म्हटलं, ते कळायला काही मार्ग नव्हता. मी विचारलंही नाही.

सभेला सगळा गाव लोटला होता. आबासाहेबांनी भाषण ठोकलं. मास्तरांनी म्हणे आमच्याच गोठ्यात बॉम्ब केले, म्हणे आम्हीच बारूद पुरवली. लोक टाळ्या पिटून राहिले. आणि नागोराव उभे राहिले. उजवं मनगट सरळ होईना, वाकडंच झालेलं, म्हणून डावा हात वर केला. शाळेतली पोरं पुढे बसली होती, ती चूप झाली. त्यांना तो हात कशाचा ते ठाऊक होतं.

"मंडळी, मी बॉम्ब केले न्हाईत. ते कार्ड खेळायच्या गोळ्याचं व्हतं. ज्यांनी खरंच बॉम्ब केले, जीव देला, त्यांचा हार मला घालू नगा."

लोक हसले. मास्तरांचा विनय समजून हसले. नागोरावांनी पुन्हा सांगितलं. मग कुजबुज सुरू झाली. आबासाहेबांचा एक माणूस ओरडला, "मग कार्डात गोळे काहून लिहिले? साक्ष कोण देतंय?"

मी दुसऱ्या रांगेत बसलो होतो. आता तर अमीन नव्हता, निजाम नव्हता, बायकोही उठून कामाला लागली होती. उभं राहायचं आणि म्हणायचं, 'ते अक्षर माझं आहे. मराठीचा तोरा मिरवायला मी गोळे लिहिलं.' एवढंच! माझ्या ढुंगणाखाली सतरंजी होती, ती मी दोन्ही मुठींत धरून बसलो. का, ते विचारू नका. तेव्हा भीती आबासाहेबांची होती की गाव हसेल याची, मला आजही सांगता येत नाही. नागोराव कुणाकडेच न पाहता खाली उतरले आणि चालू लागले. माझं नाव त्यांनी तेव्हाही घेतलं नाही.

दुसऱ्या दिवशी मैदानावर गाड्या लागल्या. खांब उपटले. आबासाहेबांनी डूख एवढा धरला की नव्या शाळा समितीने नागोरावांना कामावर घेतलंच नाही, मनगट मोडलेला ड्रिल मास्तर काय कामाचा म्हणून. आणि बॉम्बवाल्याची गोष्ट मात्र तशीच ठेवली. ती आबासाहेबांच्या उपयोगाची होती. माणूस गेला तरी चालतो यांना, गोष्ट पाहिजे.

मार्गशीर्षात ते गाव सोडून गेले. वऱ्हाडात कुठल्याशा शाळेत ओळखीने काम मिळालं होतं. वसमत स्टेशनपर्यंत मी बैलगाडीत सोबत गेलो. वाटेत ज्वारीवर बोललो, थंडीवर बोललो. ते आगगाडीच्या खिडकीपाशी बसले, गुडघे समोरच्या बाकाला टेकलेले. गार्डाने हिरवं निशाण काढलं तेव्हा कुठे माझ्या तोंडाला वाचा फुटली.

म्हटलं, "मास्तर, त्या दिवशी मी बोलायला पाहिजे व्हतं."

ते म्हणाले, "व्हय."

"सभेत बी."

"सभेत बी."

गाडी हलली. मी बरोबर चालू लागलो. "मी वाट पाहिली, गुरुजी," ते म्हणाले. "तुरुंगात पहिले आठ दिवस. दार वाजलं की वाटायचं, तुमीच आलाव. मग वाट पाहायची सोडून देली. तवा जरा झोप लागाय लागली."

मला वाटलं, आता ते म्हणतील, जाऊ द्या. पेटीचा काय गुन्हा म्हणणारा माणूस तो. मी खिडकीची सळई धरून अक्षरशः पळत होतो आणि ते ऐकण्यासाठी कान टवकारून होतो. मीच विचारलं, "मास्तर, माझा राग हाय का?"

त्यांनी माझ्याकडे नीट पाहिलं. म्हणाले, "हाय." आणि माझा हात सळईवरून सोडवला, कारण पुढे फलाट संपत होता.